बालाची चार स्टेशनं आणि दोन खलनायक

वेल्समधल्या बंद पडलेल्या रेल्वेबद्दल कुठेही चर्चा सुरू झाली की दोन खलनायक ठरलेले असतात, एक डॉक्टर बीचिंग आणि दुसरं लिव्हरपूल शहर. 1963 च्या अहवालात तोट्यातल्या लाइनी बंद करायला सांगणाऱ्या बीचिंगने कुऱ्हाड चालवली, लिव्हरपूलने आपल्या पाण्यासाठी धरण बांधून खोरं बुडवलं, संपला विषय. बाला या गावाच्या बाबतीत तर दोघंही हजर आहेत, त्यामुळे काम अजूनच सोपं होतं. पण तारखा एकापुढे एक मांडून बघितल्या की दिसतं की या गावाची स्टेशनं कोणा एका माणसाने किंवा एका धरणाने घालवलेली नाहीत. 1882 ते 1965 या काळात वेगवेगळ्या लोकांनी आपापल्या सोयीने निर्णय घेतले, प्रत्येकाचा हिशोब त्याच्या त्याच्या वहीत बरोबर बसत होता, आणि बालाचा म्हणून एक हिशोब कोणी मांडलाच नाही.

आधी गाव. उत्तर वेल्समध्ये लिन तेगिड नावाचं तळं आहे, वेल्समधलं सगळ्यात मोठं नैसर्गिक तळं, साधारण सहा किलोमीटर लांब, त्याच्या एका टोकाला बाला. वस्ती दोन हजारच्या आसपास. बाजारात, शाळेत, पबमध्ये लोक आपसात वेल्श बोलतात, आणि हे बोर्डावरचं शोभेचं वेल्श नाही, भांडायला आणि उधारी मागायला वापरायचं वेल्श. मेंढ्या, लोकर, चॅपेल आणि पाऊस. मेंढपाळ कुत्र्यांच्या ब्रिटनमधल्या नोंद झालेल्या पहिल्या शर्यती 1873 मध्ये इथेच झाल्या, रिव्लास इस्टेटीच्या लॉइड प्राइस नावाच्या जमीनदाराने भरवल्या होत्या. हे गृहस्थ पुढे परत येणार आहेत.

गावापासून लांब आलेली गाडी

रेल्वे बालाला पोचली 1868 मध्ये. पूर्वेकडून, म्हणजे रुआबॉन, लँगोलेन, कोरवेन असं करत डी नदीच्या काठाने रूळ आले, त्याच वर्षी तळ्याच्या कडेकडेने पुढे डोलगेल्लायपर्यंत गेले, आणि तिथून लाइन बारमथच्या समुद्रकिनाऱ्याला जोडली गेली. कागदावर या वेगवेगळ्या छोट्या कंपन्या, पण गाड्या चालवायची ग्रेट वेस्टर्न ही मोठी रेल्वे कंपनी आणि शेवटी सगळं त्यांच्याच पोटात गेलं. स्टेशन मात्र गावात नव्हतं. तळ्याच्या टोकाला, नदीच्या पलीकडे, सामान घेऊन पावसात चालत जायचं अशा ठिकाणी. इंजिनिअरला सरळ आणि सपाट वाट हवी असते, ती तळ्याच्या दक्षिण काठाने होती आणि गाव उत्तरेला होतं, एवढंच साधं कारण.

मग 1882 मध्ये दुसरी लाइन आली. बालापासून वायव्येला डोंगर चढून फेस्टिनिओगपर्यंत. त्याच्या पुढचं ब्लायनाय फेस्टिनिओग म्हणजे पाटीच्या दगडाचं गाव, व्हिक्टोरियन काळातली अर्ध्या ब्रिटनची छपरं तिथल्या आणि आसपासच्या खाणींतून आलेली, त्यामुळे त्या मालावर प्रत्येक रेल्वे कंपनीचा डोळा होता. लंडन अँड नॉर्थ वेस्टर्न कंपनी उत्तरेकडून कॉनवी खोऱ्यातून 1879 मध्येच तिथे पोचली होती, मग ग्रेट वेस्टर्न मागे कशी राहील. 1883 मध्ये बालाची लाइन थेट ब्लायनायमध्ये घुसली. गंमत म्हणजे दोन्ही कंपन्यांची स्टेशनं एकाच गावात, आणि मधे जोडणारे ब्रॉडगेजसारखे पूर्ण रुंदीचे रूळ नाहीत. मालाचे डबे इकडून तिकडे नेता यायचे नाहीत. हा मुद्दा लक्षात ठेवा, ऐंशी वर्षांनी या एवढ्याशा तुकड्यावरच बरंच काही ठरलं.

नव्या लाइनमुळे बालाचं भलं झालं हे मात्र मान्य करायला हवं. नवं स्टेशन गावाला चिकटून, हाय स्ट्रीटपासून चालत काही मिनिटांवर. तळ्याकाठचं जुनं स्टेशन त्याच वर्षी बंद केलं. म्हणजे बालाचं पहिलं बंद झालेलं स्टेशन कोणी रडत रडत बंद केलेलं नाही, चांगलं मिळालं म्हणून जुनं सोडलं. पण यात एक गोम होती. नवं स्टेशन मेन लाइनवर नव्हतं, ते फेस्टिनिओगच्या फाट्यावर, म्हणजे मेन लाइनपासून फुटलेल्या लाइनवर होतं. मेन लाइनवर त्यांनी बाला जंक्शन नावाचं वेगळं स्टेशन बांधलं, गावापासून मैलभराच्या आत पण कुठल्याही वस्तीत नाही, फक्त गाडी बदलायला. आपल्याकडे एसटी हायवेच्या फाट्यावर सोडते आणि मग गावात जायला दुसरं काहीतरी बघावं लागतं ना, तसंच, फक्त इथे जंक्शनवर फलाट होता आणि गावात न्यायला छोटी शटल गाडी होती.

म्हणजे 1882 पासून बालाचं गावातलं स्टेशन एका डोंगरी फाट्याच्या जिवावर उभं होतं. गावकऱ्यांना त्यात काही वावगं दिसायचं कारण नव्हतं, फाटा जोरात चालला होता.

चौथं स्टेशन पटकन उरकतो. 1934 मध्ये, रेल्वेला पर्यटकांची चटक लागलेली असताना, तळ्याच्या टोकाला बाला लेक हॉल्ट नावाचा एक थांबा काढला. 1939 मध्ये युद्ध सुरू झालं आणि तो बंद झाला. पाच वर्षांचं आयुष्य. सहलीला येणाऱ्यांसाठी काढलेला थांबा सहली बंद झाल्यावर कोण चालू ठेवणार.

फाट्यावर काय काय चालायचं

बाला ते ब्लायनाय हा रस्ता पंचवीस मैलांच्या वर होता आणि ज्यांनी तो पाहिला ते अजून त्याबद्दल बोलतात. त्रुवेरिन नदीच्या खोऱ्यातून वर चढायचं, फ्रोनगोख, मग कापेल केलिन, अरेनिग, मग उघडा माळ, कूम प्रिसोरचा नऊ कमानींचा दगडी पूल, खाली खोल दरी, आणि मग ट्रॉसव्हिनिदकडे उतरायचं. हिवाळ्यात बर्फात गाड्या अडकायच्या. अरेनिगला दगडाची मोठी खाण, तिचा माल रेल्वेनेच जायचा. ट्रॉसव्हिनिदला तोफखान्याची छावणी होती, सराव असला की सैनिकांच्या स्पेशल गाड्या, घोड्यांसकट. बाकी मेंढ्या. बाजाराच्या दिवशी माणसं. एवढंच गिऱ्हाईक.

फ्रोनगोखबद्दल थोडं जास्त लिहितो कारण या स्टेशनावर जेवढा इतिहास उतरला तेवढा मोठमोठ्या जंक्शनवरही उतरत नाही. वर ज्यांचा उल्लेख केला त्या लॉइड प्राइस साहेबांनी 1889 च्या सुमारास तिथे व्हिस्कीची डिस्टिलरी काढली. स्कॉच आणि आयरिश आहे तर वेल्श का नको, असा विचार. पाणी चांगलं, रेल्वे दारात, पण धंदा काही चालला नाही आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीला बंद पडला. (चॅपेलवाल्यांच्या, दारू न पिणाऱ्यांच्या प्रदेशात डिस्टिलरी काढायची हिंमत मात्र मानायला हवी.) मोकळ्या इमारतींत पहिल्या महायुद्धात जर्मन युद्धकैदी ठेवले. आणि 1916 मध्ये डब्लिनमधलं ब्रिटिश राजवटीविरुद्धचं ईस्टरचं बंड मोडल्यावर जर्मनांना हलवून तिथे आयरिश कैदी आणले, सगळे मिळून सुमारे अठराशे. आगगाडीने फ्रोनगोखला उतरवले, स्टेशनासमोरच छावणी. त्यात पुढे आयरिश स्वातंत्र्ययुद्धाचा नेता झालेला मायकेल कॉलिन्सही होता. बिनखटल्याचे कैदी एकत्र डांबल्यावर जे होतं तेच झालं, सहा महिने त्यांनी संघटना बांधली, कवायत केली, एकमेकांना शिकवलं, आणि डिसेंबरमध्ये सरकारने उरलेल्यांना सोडून दिलं. पुढच्या आयरिश स्वातंत्र्ययुद्धाची बरीचशी ओळखपाळख वेल्समधल्या या आडगावच्या स्टेशनाबाहेर झालेली आहे.

ग्रेट वेस्टर्नने 1930 च्या दशकात बसशी टक्कर द्यायला या लाइनवर लाकडी फलाटांचे छोटे छोटे हॉल्ट काढले, कापेल केलिनला तेव्हाच थांबा मिळाला. दोनचार पॅसेंजर जास्त मिळाले असतील. पण दुसऱ्या महायुद्धानंतर चित्र बदललं. पाटीच्या दगडाचा धंदा घसरला, छपरांना आता कौलं लागत होती, माणसं बसने जात होती आणि ज्याला जमेल तो गाडी घेत होता. त्यात ब्लायनायमध्ये पुढे जोडणी नाही, म्हणजे ही लाइन व्यवहारात डोंगरात जाऊन संपणारी. 1948 ला राष्ट्रीयीकरण झालं तेव्हा ब्रिटिश रेल्वेच्या पदरात जी तोट्याची लेकरं पडली त्यातलं हे एक.

मग पाणी आलं

1955 च्या शेवटी लिव्हरपूल महापालिकेने जाहीर केलं की त्रुवेरिनचं खोरं अडवून धरण बांधायचं. त्यांनी वेल्समधल्या कुठल्याही स्थानिक परवानगीच्या भानगडीत न पडता थेट लंडनच्या संसदेत खाजगी विधेयक नेलं. नोव्हेंबर 1956 मध्ये खोऱ्यातल्या कापेल केलिन या बुडणाऱ्या गावाचे लोक, बायकापोरांसकट, लिव्हरपूलच्या रस्त्यांवर मोर्चा घेऊन गेले, बरोबर प्लाइड कमरी या वेल्श राष्ट्रवादी पक्षाचे ग्विनफोर एव्हान्स. काही उपयोग झाला नाही. संसदेत वेल्सच्या 36 खासदारांपैकी 35 जणांनी विरोध केला, उरलेल्या एकाने मत दिलं नाही, म्हणजे बाजूने एकही नाही. तरी 1 ऑगस्ट 1957 ला कायदा झाला. ज्या खोऱ्यात सदुसष्ट माणसं राहत होती त्यातली अठ्ठेचाळीस बेघर होणार होती. चॅपेल, शाळा, पोस्ट, शेतं आणि चॅपेलचं कब्रस्तान पाण्याखाली. आणि रेल्वेचे रूळही.

धरण भिंत बरोबर रेल्वेच्या वाटेत येत होती. लाइन वळवून धरणाच्या कडेने न्यायचा पर्याय चर्चेत होता, तांत्रिकदृष्ट्या अशक्य काहीच नव्हतं. पण वळवायची कोणासाठी, हा प्रश्न आला. पॅसेंजर नाही, दगडाचा माल कमी झालेला. आणि त्याच वेळी पलीकडे ट्रॉसव्हिनिदला अणुवीज केंद्र उभं राहत होतं, त्याला रेल्वे लागणार होती, वापरलेलं इंधन पोलादी पेट्यांत भरून बाहेर न्यायला. मग असं ठरलं की बालाच्या बाजूने लाइन सोडून द्यायची, आणि ब्लायनायमधल्या दोन स्टेशनांमध्ये तो इतकी वर्षं न घातलेला जोडरूळ घालायचा, म्हणजे ट्रॉसव्हिनिदचा माल उत्तरेकडून कॉनवी खोऱ्यातून जाईल. वळणाच्या बदल्यात जोड. एप्रिल 1964 मध्ये तो चालू झाला.

मला हा या प्रकरणातला सगळ्यात बोलका भाग वाटतो. खाणमालक, शेतकरी, पॅसेंजर यांच्यासाठी जो तुकडा ऐंशी वर्षांत झाला नाही तो अणुभट्टीसाठी चार वर्षांत झाला. त्यात काही चूक आहे असं नाही, हिशोब सरळ आहे. पण मग "लाइन तोट्यात होती" हे वाक्य ऐकलं की विचारावंसं वाटतं, हा जोड 1890 मध्ये असता तर किती तोट्यात असती?

शेवटची पॅसेंजर गाडी 2 जानेवारी 1960 ला गेली, शनिवार होता. मालगाडी आणखी वर्षभर चालली. 22 जानेवारी 1961 ला रेल्वेप्रेमींनी निरोपाची स्पेशल गाडी काढली, पुढे दोन पॅनियर टँक इंजिनं, म्हणजे बॉयलरच्या दोन्ही अंगांना पाण्याच्या टाक्या लटकवलेली ती छोटी ग्रेट वेस्टर्न इंजिनं, मागे भरगच्च डबे, पुलांवर आणि कठड्यांवर बघायला उभी असलेली माणसं. आयुष्यभर रिकामी धावलेली गाडी शेवटच्या दिवशी फुल्ल, हे सगळीकडेच होतं. त्यानंतर आठवड्याभरात बालाच्या बाजूचा मालही बंद.

फाट्याशिवाय फाट्यावरचं स्टेशन

आता बालाचं काय झालं बघा. मेन लाइन चालू आहे, रुआबॉन ते बारमथ, जंक्शनवर गाड्या थांबतायत. पण गावातलं स्टेशन आता कुठल्याच वाटेवर नाही. जंक्शनवरून शटल येते, गावात थांबते, परत जाते. 1882 मध्ये ज्या फाट्याच्या जोरावर स्टेशन गावात आलं होतं तो फाटाच कापला गेला, आणि तरी पाच वर्षं ती शटल चालू राहिली. कर्मचारी, सिग्नल, इंजिन, सगळं मैलभरापेक्षा कमी अंतरासाठी. कुठल्याही ऑडिटरने बघितलं तर पहिला प्रश्न काय विचारेल?

तो प्रश्न 27 मार्च 1963 ला विचारला गेला. बीचिंगचा अहवाल आला, देशभरातली दोन हजारांवर स्टेशनं आणि हजारो मैल रूळ बंद करायची शिफारस, आणि रुआबॉन-बारमथ लाइन त्या यादीत. बीचिंगच्या पद्धतीवर टीका करणारे एक मुद्दा नेहमी मांडतात आणि तो इथे फिट बसतो: फाटा बंद केला की फाट्यावरून मेन लाइनवर येणारा माणूसही जातो, तो रेल्वेऐवजी दुसऱ्या स्टेशनला जात नाही, तो बस पकडतो किंवा गाडी घेतो, आणि मग मेन लाइनचे आकडे आणखी पडतात, आणि मग मेन लाइनही यादीत येते. बालाच्या लाइनला उन्हाळ्यात बारमथच्या बीचवर जाणाऱ्यांची गर्दी असायची, पण बाकीचे महिने तोच रूळ, तीच माणसं, तोच पगार. वर्षाच्या सरासरीत उन्हाळा हरवून जातो.

बंद करायची तारीख ठरली 18 जानेवारी 1965. पण डिसेंबर 1964 च्या मध्यात डी नदीला जोरदार पूर आला आणि लँगोलेनच्या पश्चिमेला लाइनखालची माती ठिकठिकाणी वाहून गेली. महिनाभरात बंदच होणार असलेली लाइन कोण दुरुस्त करणार, त्यामुळे त्या भागात गाड्या ठरल्या तारखेच्या आधीच थांबल्या. म्हणजे ज्या गावाचा फाटा अडवलेल्या पाण्याने गेला त्याची मेन लाइन न अडवलेल्या पाण्याने गेली. जानेवारीत बाला आणि बाला जंक्शन दोन्ही अधिकृतपणे बंद. धरणाचं उद्घाटन ऑक्टोबर 1965 मध्ये झालं, निदर्शकांच्या घोषणा, दगड, त्यांनी मायक्रोफोनच्या वायरी कापल्या, कार्यक्रम काही मिनिटांत गुंडाळला. तोपर्यंत गावात यायला आगगाडी उरलेलीच नव्हती.

धरण नसतं तर?

हा प्रश्न कोणीतरी विचारतोच. माझं मत, लाइन तरीही गेली असती. लिव्हरपूलने खोऱ्याला हात लावला नसता तरी बाला-ब्लायनाय फाटा बीचिंगच्या हातून वाचला नसता, कारण त्याच्यापेक्षा बरीच जास्त गर्दी असलेली रुआबॉन-बारमथ लाइनही वाचली नाही. फार तर चारपाच वर्षं मिळाली असती. त्यामुळे "धरणाने रेल्वे बुडवली" हे अर्धंच खरं. पण उलट बाजूने, "रेल्वे मेलेलीच होती, धरणाचा काय दोष" हेही मला पटत नाही. धरणाने तो निर्णय असा करून टाकला की नंतर कधी परत फिरवता येणार नाही. नुसते रूळ उखडले तर वाट शिल्लक राहते, पन्नास वर्षांनी कोणीतरी हौशी मंडळी येऊन परत रूळ टाकू शकतात. लँगोलेनला तेच झालं, 1970 च्या दशकात स्वयंसेवकांनी सुरुवात केली आणि 2023 मध्ये त्यांची गाडी कोरवेनच्या नव्या स्टेशनापर्यंत पोचली. त्रुवेरिनच्या खोऱ्यात तो चान्सच नाही, मधे धरण आहे.

राजकारणात मात्र त्याचं व्याज पुरेपूर वसूल झालं. ग्विनफोर एव्हान्स 1966 मध्ये प्लाइड कमरीचे पहिले खासदार म्हणून निवडून आले. पश्चिम किनाऱ्याकडे एका पडक्या भिंतीवर कोणीतरी "कोव्हिउख द्रुवेरिन", त्रुवेरिन लक्षात ठेवा, असं रंगवलं, ती भिंत आज वेल्समधली सगळ्यात ओळखीची भिंत आहे. 2005 मध्ये लिव्हरपूलच्या महापालिकेने माफी मागितली. एक गोष्ट बऱ्याच जणांना माहीत नसते: त्या धरणाचं पाणी पाइपने थेट लिव्हरपूलला जातच नाही. ते त्रुवेरिन नदीत सोडतात, ती डी नदीला मिळते, आणि खाली चेस्टरजवळ पाणी उचलतात. सोडलेल्या त्या पाण्याच्या जोरावर फ्रोनगोखजवळ आता राफ्टिंगचं मोठं सेंटर चालतं.

बाकी अवशेष विखुरलेले आहेत. कूम प्रिसोरचा पूल उभा आहे. फ्रोनगोखच्या स्टेशनात लोक राहतात. अणुकेंद्र 1991 मध्ये बंद पडलं, 1990 च्या दशकात ट्रॉसव्हिनिदच्या मालगाड्याही थांबल्या, त्या तुकड्यावर आता झाडं उगवलीत. ब्लायनायमध्ये मात्र 1982 मध्ये जुन्या ग्रेट वेस्टर्न स्टेशनाच्या जागी नवं संयुक्त स्टेशन झालं, आणि कॉनवी खोऱ्याची गाडी तिथपर्यंत येते ती त्याच जोडरुळावरून.

आणि बालाला आगगाडी आहे, नाही असं नाही. 1972 मध्ये तळ्याच्या दुसऱ्या टोकाच्या लानुखलिन गावापासून जुन्या रुळांच्या वाटेवर दोन फुटी नॅरोगेज सुरू झाली, 1976 पर्यंत ती तळ्याच्या बालाकडच्या टोकाला पोचली. पाटीच्या खाणीतली हन्स्लेट कंपनीची जुनी इंजिनं, उघडे डबे, वाफ, पोरं खूश. फक्त तिचं शेवटचं स्टेशन कुठे आहे माहितीये? तळ्याच्या टोकाला, नदीच्या पलीकडे, गावाबाहेर. 1868 चीच गोष्ट परत, गावात पोचायचं तर चाला. गाडी गावात न्यायची योजना बरीच वर्षं चालू आहे, पैसे गोळा करणं, परवानग्या, सगळं. झालं तर 1965 नंतरचं ते गावातलं पहिलं स्टेशन असेल, पण त्यातून तळ्याला फेरी मारून परत येता येईल, रुआबॉनला मेन लाइनची गाडी पकडायची असेल तर आजच्यासारखीच टी3 बस. तीही बारमथ, डोलगेल्लाय, बाला, कोरवेन, लँगोलेन, रुआबॉन अशीच जाते, आणि बालात हाय स्ट्रीटवर थांबते.